मोठ्या क्रुसाखालची मेणबत्ती

नोव्हेंबरच्या पहिल्या तारखेला आमच्या गावात मेलेल्यांचा दिवस असतो आणि माझा धंद्याचा. वर्षभर ज्यांना आईबापाची आठवण होत नाही तेही त्या दिवशी चांगला कोट घालून कबरस्तानात येतात, आणि शेवंतीची कुंडी घेताना माझ्याशी अशी घासाघीस करतात की मेलेल्यालाही लाज वाटावी. मी फाटकाच्या डाव्या हाताला बसते. शेवंती माझ्या अंगणातली, मेणबत्त्या झेंटा शहराच्या बाजारातून पेटीने आणलेल्या, लाल पेल्यातल्या. फाटकाशी बसलं की कोण कोणाशी बोलेनासं झालंय, कोणाच्या थडग्यावर गवत माजलंय, सगळं आपोआप कळतं. नसत्या चौकशा करायची मला सवय नाही. लोकच समोरून जातात, त्याला मी काय करू?

ज्यांचं माणूस इथे पुरलेलं आहे ते सरळ आपल्या थडग्याकडे जातात. ज्यांचं माणूस लांब कुठेतरी गेलं, किंवा कुठे पुरलं तेच माहीत नाही, त्यांच्यासाठी मधोमध मोठा क्रूस आहे. त्याच्या पायथ्याशी कोणीही कोणासाठीही मेणबत्ती लावावी. कोणासाठी, असं विचारायची पद्धत नाही. आमच्या भागात ते बरंच आहे, कारण कितीतरी नावं मोठ्याने घ्यायची सोय नव्हती.

माझ्या भिंतीला लागून बोरी नेनीचं घर; नेनी आम्ही वडीलधाऱ्या बाईला म्हणतो. ती आणि तिची सून विल्मा दरवर्षी दोघी मिळून यायच्या, हातात हात घालून, कारण बोरी नेनीच्या गुडघ्यांचा भरवसा नव्हता. माझ्याकडून एक मेणबत्ती घ्यायच्या. क्रुसापाशी बोरी नेनी कण्हत-कुंथत वाकून ती लावायची, आपल्या मुलासाठी. तिने उठून कपाळाला हात लावला की विल्मा वाकायची आणि फुंकर मारून ती विझवायची, आपल्या नवऱ्यासाठी. मुलगा आणि नवरा एकच, लोरिन्स. मग दोघी तशाच हातात हात घालून घरी.

पहिल्या वर्षी लोकांनी तोंडात बोटं घातली. पुढे सवय झाली. काही जणी तर मुद्दाम थांबून बघायच्या.

आमच्याकडे म्हणतात की ज्या मेलेल्यासाठी कोणी उजेड करत नाही, तो आपली करंगळी पेटवतो आणि त्या उजेडात वाट शोधतो. त्याच्यासाठी मेणबत्ती जळते तेवढा वेळ त्याची करंगळी वाचते. आणि असंही म्हणतात की जिवंत माणसाच्या नावाने लावलेली मेणबत्ती तळापर्यंत जळली, तर तो माणूस पुढचं वर्ष काढत नाही. आता लोरिन्स मेलेला की जिवंत, हे कोणालाच माहीत नाही. म्हणजे इकडे आड, तिकडे विहीर. लावली नाही तर त्याची करंगळी जळणार, लावून ठेवली तर तो स्वतःच संपणार.

तो गेला एक्क्याण्णवच्या शरदात. लढाई पलीकडे क्रोएशियात जुंपली होती. सर्ब आणि क्रोएट एकमेकांच्या उरावर बसले होते. आम्ही सर्बियातले हंगेरियन, त्या भांडणात आमचं घेणं ना देणं, पण रायफल धरायला आमचे हात चालत होते. संध्याकाळी जीप यायची आणि दारोदार सैन्याची बोलावणी वाटली जायची. पुरुष मक्याच्या शेतात, बहिणीच्या माळ्यावर, कुठेही झोपायचे. माझा नवरा मात्याश भित्रा, त्यामुळे मुकाट्याने गेला. भित्री माणसं पळतात असं लोक समजतात, ते खरं नाही. तो परतही आला. परत काय आलं ते विचारू नका. जेवतो, झोपतो, दार वाजलं की उठून भिंतीला पाठ लावतो.

लोरिन्स जेवायला बसला होता. विल्माने आलुबुखार भरलेले बटाट्याचे उंडे केले होते, त्याच्या आवडीचे. जीप कोपऱ्यावर वळल्याचा आवाज आला आणि तो ताटावरून उठला. मागच्या फाटकातून जाताना म्हणाला, “एकदोन दिवसांत येतो. उरलेले खाऊ नका.” फळबागांमधून सरळ गेलं की हद्द, आणि हद्दीपलीकडे हंगेरी. जवान माणसाला अवघड नव्हतं. त्या शरदात कितीतरी गेले, आणि पलीकडे पोचल्यावर कोणाच्या तरी हाती निरोप पाठवला. त्याचा निरोप आला नाही.

त्याऐवजी बातम्या आल्या, एकीचा दुसरीला मेळ नाही. दूधवाल्या बाईने शपथेवर सांगितलं की तिठ्यावर शिपायांची बस उभी होती आणि लोरिन्सला त्यात कोंबताना तिने पाहिलं. न्हाव्याचा मेहुणा म्हणाला, छे, तो मला पलीकडे हंगेरीत सेगेडच्या स्टेशनवर दिसला, वाळलेला, मी हाक मारली तर तोंड फिरवून गेला. विल्मा सैन्याच्या कचेरीत विचारायला गेली, तर ते म्हणाले की तो हजर झालाच नाही, तो पळपुटा आहे, सापडला तर त्यालाच तुरुंगात घालू. सेगेडला गेली तर तिथल्या कचेरीतल्या बाईने सांगितलं, असा कोणी आलेला नाही. दोन्ही देशांत तो नव्हता. मग होता कुठे? नदीत?

एका नाताळला जर्मनीहून एक पुडकं आलं, पाठवणाऱ्याचं नाव नाही. आत कॉफी आणि बायकांचे लोकरी हातमोजे. विल्माने ते हातात घातले तर बोटांच्या पुढे दोन बोटं जागा रिकामी.

“नवऱ्याने पाठवले असते तर त्याला माझा हात माहीत नसता का?” ती मला म्हणाली.

“पुरुषांना काय माहीत असतं?” मी म्हटलं. “मात्याशला विचार, माझ्या डोळ्यांचा रंग कोणता. दार बघून सांगेल.”

“म्हणजे त्यानेच पाठवले म्हणतेस?”

“मी काहीच म्हणत नाही गं बाई.”

“मग बोलतेस कशाला, तेरका?” ती चिडली, आणि हातमोजे माझ्या मांडीवर टाकून गेली. दुसऱ्या दिवशी येऊन परत घेऊन गेली.

ती अशीच झाली होती. आमच्याकडे नवरा मेला की बाई काळं नेसते आणि आयुष्यभर ते सोडत नाही. नवरा असलेली काय वाटेल ते घालते. विल्मा तपकिरी घालायची. काळंही नाही आणि रंगीतही नाही. गावातल्या बायकांना ते बघवत नसे. विहिरीवर, दुकानात, चर्चच्या पायऱ्यांवर तोच विषय. गिरणीवाला लायोश, बिचारा विधुर माणूस, एकदा टोपी हातात घेऊन तिच्या दाराशी आला. ती त्याला म्हणाली, “लायोश, मी कोणाची कोण, हेच मला माहीत नाही. तुम्हाला काय उत्तर देऊ?” तो टोपी घालून गेला. आत बोरी नेनी सगळं ऐकत होती. तिने सुनेला शाबासकी दिली की मनातून वाईट वाटून घेतलं, देव जाणे. त्या संध्याकाळी दोघींनी भांडी आपटली, एवढं मला भिंतीपलीकडून ऐकू आलं.

बोरी नेनी मेणबत्ती लावायला एवढी घाई कशी करते, आई असून, हे मला बरीच वर्षं कळत नव्हतं. आई म्हणजे शेवटपर्यंत वाट बघणारी. इथे बायको वाट बघत होती आणि आई मेणबत्ती घेऊन उभी. एकदा सप्टेंबरात आम्ही दोघी माझ्या ओसरीवर लाल मिरच्यांच्या माळा ओवत बसलो होतो. बोटं चुरचुरत होती, डोळ्यांतून पाणी येत होतं, ते मिरचीचं म्हणून चालून गेलं असतं. मी विचारलंच.

“नेनी, तुम्हाला तो मेला असं वाटतं का?”

“मला काय वाटतं त्याला कोण विचारतंय?” ती म्हणाली. “सुई दे इकडे, तू देठाऐवजी मिरचीच भोसकतेस.”

मग आपणहूनच सांगू लागली. “मी लहान होते तेव्हा शाळेत सर्बांच्या राजाची तसबीर होती. मग हंगेरीचं घोडदळ आलं. आमचेच लोक, आमची भाषा. आईने अंगणातली सगळी फुलं तोडून त्यांच्यावर टाकली. मग तेही गेले आणि कम्युनिस्टांचे पार्टिझान सैनिक आले. चव्वेचाळीसचा शरद. त्यांनी विचारायला सुरुवात केली, फुलं कोणी टाकली? फुलं टाकली आईने आणि नेलं बापाला.”

“कुठे नेलं?”

“पंचायतीत. दोन प्रश्न विचारून सोडतो म्हणाले. बाप पिंपं बनवायचा, हातातलं पिंप अर्धं झालेलं. त्याने कोटही घेतला नाही. आई म्हणाली, कोट घे. तो म्हणाला, दोन प्रश्नांना कोट कशाला?”

तिने माळेला गाठ मारली, ती सुटली, पुन्हा मारली.

“आईने त्याच्यासाठी कधी मेणबत्ती लावू दिली नाही. जेवायला त्याचं ताट मांडायची. विचारायचीही चोरी होती, गं. विचारलं तर आम्ही फॅसिस्ट. मी मोठी झाले, लग्न झालं, लोरिन्स झाला, तरी ताट मांडलेलंच. मग मरायला टेकली तेव्हा माझा हात धरून म्हणते, बोरी, तुझ्या बापासाठी कोणी उजेड केला होता का गं? मी म्हटलं, आई, तूच नको म्हणायचीस. त्यावर ती अशी ओरडली, तेरका, की शेजारचे धावत आले. ‘इतकी वर्षं तो हात जाळत बसला असेल,’ म्हणाली. त्यातच गेली.”

“म्हणून तुम्ही लावता.”

“म्हणून मी लावते.”

“आणि ती विझवते, त्याचा राग नाही येत?”

बोरी नेनीने माझ्याकडे असं बघितलं की मीच वेडी. “येतो की,” एवढंच म्हणाली आणि दुसरी माळ घेतली.

राग येत असावा. एका वर्षी तर क्रुसापाशीच वाजलं. नव्व्याण्णव साल, नोवी साद शहराचे पूल बॉम्ब पडून नदीत गेले ते वर्ष. सगळ्यांचीच डोकी फिरलेली होती. बोरी नेनीने मेणबत्ती लावली, विल्माने विझवली, आणि नेनीने पुन्हा काडी ओढली. विल्माने तिचा हातच धरला.

“तुम्ही त्याला मारताय!” ती किंचाळली. “आई असून!”

“आणि तू त्याला अंधारात ठेवतेस, बायको असून!”

“तो जिवंत आहे!”

“मग येत का नाही?”

आजूबाजूच्या बायका आपल्या मेणबत्त्या सोडून जवळ सरकल्या. फादर धावत आले. भले गृहस्थ, पण उंटावरून शेळ्या हाकणारे. म्हणाले, “बायांनो, जिवंत काय आणि मृत काय, देवाला सगळे सारखेच.” विल्मा म्हणाली, “फादर, देवाला असतील. मला नाहीत.” आणि फुंकर मारली. नेनीने पुन्हा काडी ओढली नाही. दोघी हातात हात घालून गेल्या. फाटकातून जाताना नेनी सुनेला म्हणत होती, “मफलर बांध, घसा धरेल.” आता याला भांडण म्हणायचं की काय म्हणायचं, ते मला आजही उमजत नाही.

मग गेल्या वर्षी बोरी नेनी उन्हाळ्यात पायरीवरून पडली आणि तिचं खुब्याचं हाड मोडलं. ते जुळलं, पण चालणं संपलं. नोव्हेंबर आला. मी फाटकाशी बसले होते. दिवस कलू लागला तेव्हा विल्मा एकटी आली. तपकिरी कोट, डोक्याला रुमाल. मला तिच्याकडे बघवेना, कारण तिचा उजवा हात सवयीने अजून कोणाला तरी धरल्यासारखा वाकलेला होता.

“एक दे,” ती म्हणाली.

“नेनी काय म्हणाली?”

“काही नाही. म्हणाल्या, जाऊन ये. मी म्हटलं, आई, मी काय करू तिथे? तर त्यांनी भिंतीकडे तोंड फिरवलं.”

“मग काय करणार?”

“मला काय माहीत?” तिचे डोळे भरून आले. “लावायचं काम आईंचं आणि विझवायचं माझं. मी एकटी काय करू? लावलीच नाही तर विझवू काय? आणि त्यांचं काम केलं नाही तर त्या म्हणतील, मी खाटेवर पडले तर माझ्या पोराला विसरलीस.”

मी तिला सल्ला दिला नाही. मला काही कळत असतं तर दिला असता, मी सल्ले द्यायला कधी मागे राहत नाही. ती क्रुसाकडे गेली. मी मान उंच करून बघत होते. ती गुडघ्यांवर बसली आणि कितीतरी वेळ तशीच. मग काडीचा उजेड झाला. मी वाट बघत राहिले. ती उठली, कपाळाला हात लावला, आणि उभी राहिली. वाकली नाही.

परत आली तेव्हा तिचा चेहरा धुतल्यासारखा झाला होता.

“लावली,” ती म्हणाली. “राहू दिली. म्हातारी म्हणते ते खरं असेल. इतकी वर्षं झाली, तेरका. तो असता तर आला असता. मीच हट्टाने त्याला अंधारात ठेवलं.” आणि ती रडू लागली. तिला असं मोकळं रडताना मी पहिल्यांदा पाहिलं. मलाही रडू आलं. मला वाटलं, सुटली बिचारी एकदाची. उद्या काळं नेसेल, परवा कदाचित लायोशला चहाला बोलावेल.

गर्दी ओसरली नव्हती, तरी मी दुकान आवरलं, राहिलेल्या कुंड्या आणि मेणबत्त्या कबरस्तानाच्या रखवालदाराच्या हवाली केल्या आणि तिच्याबरोबर घरी निघाले. बोरी नेनी स्वयंपाकघरातच खाटेवर होती, चुलीच्या उबेला. आम्ही आत शिरताच तिने मान वळवली.

“झालं?”

“झालं, आई,” विल्मा तिच्यापाशी बसली. तिचा हात हातात घेतला. “तुमच्या मनासारखं केलं. लावली आणि तशीच राहू दिली. जळतेय अजून.”

मला वाटलं म्हातारी आता सुनेला जवळ घेईल. तिने हात हिसकावून घेतला. तिच्या तोंडाचा रंग उडाला.

“विझवली नाहीस?”

“नाही, आई.”

“का?” ती उठून बसायला धडपडू लागली, जिला कूस बदलायला दोघं लागायची ती. “का नाही विझवलीस? तुला कोणी सांगितलं होतं?”

“तुम्हीच ना, आई! इतकी वर्षं तुम्हीच…”

“मी लावत होते तू विझवशील म्हणून!” बोरी नेनी ओरडली. “तू बाजूला उभी असायचीस म्हणून लावायचा धीर व्हायचा मला! मेला असेल तर त्याला थोडा उजेड मिळाला, जिवंत असेल तर तू त्याला वाचवलंस. माझं एकटीचं काळीज होतं का तेवढं? तू उभी होतीस म्हणून! आणि आता तूच…”

विल्मा खाटेवरून उठली.

“तुम्ही कधी बोलला नाहीत,” ती हळूच म्हणाली.

“बोलले असते तर तू खरी विझवली असतीस का? नाटक केलं असतंस. नाटकाने चालत नाही ते.” मग नेनी माझ्याकडे वळली. “तेरका, जा. धाव. तळाला जायच्या आत विझव. लावणाऱ्या हाताने विझवायची नसते, ती नुसती कुठली ते दाखवील. तू विझव. जा ना गं!”

आम्ही धावलो. माझं वय धावायचं नाही, विल्माचंही नाही. वाटेत लोक परतत होते, म्हणाले असतील, या बायांना आता काय झालं? त्या मेणबत्त्या रात्रभर जळतात, वेळ भरपूर होता, हे मला माहीत होतं, मीच विकते. तरी पाय थांबत नव्हते.

फाटकातून आत शिरलो आणि विल्मा थबकली.

क्रुसाचा पायथा दिसतच नव्हता. आमच्यामागून अख्खं गाव येऊन गेलं होतं. लाल पेल्यांना लाल पेले चिकटलेले, पायरीवर, पायरीखाली, गवतापर्यंत. उशिरा येणारे आधीचे पेले सरकवून आपल्याला जागा करतात, तेही झालंच होतं. एवढी माणसं आमच्या गावाची कुठे कुठे गेली आहेत, हे एरवी कोणी मोजत नाही.

“कुठे ठेवली होतीस?” मी विचारलं.

“इथे. डाव्या बाजूला.” ती गुडघ्यांवर बसली. “ही. नाही, ही नाही. माझी थोडी पुढे होती. ही बघ, हीच. थांब, तेरका, नको! ही दुसऱ्या कोणाची तरी आहे.”

“काही खूण?”

“कसली खूण? तुझ्याच पेटीतली ना.”

सगळ्याच माझ्या पेटीतल्या होत्या. मी वाकले होते, छातीत श्वास भरून घेतला होता. समोर एक ज्योत थरथरत होती. ती लोरिन्सची असू शकत होती. बोरी नेनीच्या बापासारख्या कोणा बापाचीही असू शकत होती, ज्याच्या मुलीने आज इतक्या वर्षांनी धीर करून त्याच्यासाठी उजेड केला असेल. मी चुकीची विझवली तर त्या बापाची करंगळी जळणार, आणि खरी ती विझवली नाही तर लोरिन्स जाणार. मी उठले, तोंड दुसरीकडे वळवलं आणि भरलेला श्वास तसाच सोडून दिला.

विल्मा अजून गुडघ्यांवरच होती. लाल उजेडात तिचा तपकिरी कोट काळा दिसत होता की लाल, मला सांगता येणार नाही.

“आईंना काय सांगू?” तिने विचारलं.

“विझवली म्हणून सांग.”

“आणि लोरिन्सला?”